दुबार म्हैस

शिवलीलाचा भाऊ म्हैस आहे, हे तिला मंगळवारी सकाळी साडेदहा वाजता कळलं. तोवर तिचा चहासुद्धा झाला नव्हता.

यंत्राने तसं स्वच्छ मराठीत छापून दिलं होतं. ‘नमुना पशूचा. म्हैस, पंढरपुरी, मादी, वय सहा वर्षे. नाव पुतळी. मालक बसवराज निळकंठ दुधाने, गवळी गल्ली, कोल्हापूर. मानवी तपासणी नाकारली. औषध-वितरण बंद.’

त्यातल्या त्यात मालकाचं नाव बरोबर होतं. रक्त मालकाचंच होतं. अर्ध्या तासापूर्वी तिने स्वतः बसूअण्णाच्या दंडाला रबरी पट्टा आवळून ते काढलं होतं, आणि सुई टोचताना तो ओरडलाही होता, “हळू की! मी काय म्हैस हाय व्हय?”

तिने तोच नमुना पुन्हा लावला. म्हैस. नवी नळी घेतली, नवं रक्त काढलं. म्हैस. तिसऱ्या वेळी यंत्राने तांबडा दिवा लावून बजावलं, की पशूचे नमुने वारंवार घातल्यास तंत्रज्ञावर कारवाई होईल.

शिवलीला अकरा वर्षं या नागरी रुग्णालयाच्या प्रयोगशाळेत होती. गवळी गल्लीच्या टोकालाच रुग्णालय. भिंतीपलीकडे दुधाने यांचा गोठा. यंत्राशी वाद घालायचा नसतो, हे तिला पाठ होतं. गेल्या तीन महिन्यांत ‘पशूचा नमुना’ म्हणून कितीतरी अहवाल नाकारले गेले होते. नळ्या खराब असतील, नाहीतर पशुवैद्यकीय खात्याने चुकून आपल्याकडे धाडल्या असतील, म्हणून सगळे हसायचे. तीही हसायची. तपशिलाचं दुसरं पान कुणीच छापत नसे. आज भावाचं रक्त होतं म्हणून तिने ते छापलं, इतकंच.

बाहेर बाकावर हेरवाडे बाई बसल्या होत्या. निवृत्त शिक्षिका, हातात पितळी लोटी. रोज पहाटे गवळ्यांच्या दूध-कट्ट्यावर येऊन, म्हशीची धार थेट लोटीत घेऊन, तिथेच उभ्याने प्यायच्या. तापाने पार सुकल्या होत्या.

“लीला, आला का गं माझा रिपोर्ट?”

“नाकारलाय बाई. परत.”

“तिसऱ्यांदा? अगं, मी चाळीस वर्षं पेपर तपासले. नापास केलं तरी कशात केलं ते लिहायची!”

शिवलीलाने त्यांच्याही अहवालाचं दुसरं पान छापलं. वाचलं. घडी घालून खिशात ठेवलं.

हेरवाडे बाईही पुतळीच होत्या.

*

हे समजायचं तर थोडं साखरेत शिरावं लागेल.

आपल्या प्रत्येक पेशीभोवती चरबीचा एक पातळ पडदा असतो. त्यातल्या काही रेणूंची रचना झाडासारखी असते. चरबीचं मूळ पडद्यात रुतलेलं, साखरेच्या फांद्या बाहेर आलेल्या. त्यांना ग्लायकोलिपिड म्हणतात. चहातल्या साखरेशी त्यांचं नातं दूरच्या भावकीएवढं. शरीर आपलं कोण आणि परकं कोण हे ओळखतं ते बरंचसं या फांद्या चाचपून. तुमचा रक्तगट ए की बी, हा फरक साखळीच्या टोकावरच्या एका साखरेचा. पण तेवढ्यावरून शरीर परक्या रक्ताचा फडशा पाडतं.

‘मधुमुद्रा लाइफ’ या कंपनीने नेमकी हीच गोष्ट धरली. जनावरांच्या कानातले बिल्ले तुटत, चोरीला जात, एका कानातून दुसऱ्या कानात जात. कंपनी म्हणाली, बिल्ला कानात कशाला, रक्तातच घाला. एकच इंजेक्शन. त्यात एक निरुपद्रवी विषाणू, त्याच्या पाठीवर एक जनुक. जनुक हाडांच्या मगजात पोहोचलं, की जनावराच्या रक्तातल्या प्रत्येक पेशीवर नऊ साखरांची एक साखळी उगवते, हीच त्याची मुद्रा. नवांचा क्रम प्रत्येक जनावराचा वेगळा. एक थेंब वाचकयंत्रावर ठेवला, की नाव, गाव, मालक, सगळं बाहेर. शरीरातली विकरं अशा साखळ्या कालांतराने कुरतडतात, म्हणून कंपनीने साखळीचा सांधा असा पिळला की तो कशानेही तुटू नये. जाहिरातीत एक हसरी म्हैस होती आणि खाली लिहिलेलं, ‘पुसता न येणारी ओळख’.

मग सरकारने माणसांच्या आणि जनावरांच्या तपासण्या ‘एकरक्त’ नावाच्या एकाच पोर्टलवर आणल्या. जनावराचा रोग माणसात आला तर लगेच कळावा, हा उदात्त हेतू. पण नमुन्यांची सरमिसळ होऊ नये म्हणून यंत्रांना शिकवलं गेलं, की जनावराची मुद्रा दिसली रे दिसली, की तो नमुना माणसांच्या रांगेतून बाहेर फेकायचा. म्हणजे जनावराचा रोग माणसात आला, तर तेवढाच तो कधीही कळणार नाही, अशी चोख व्यवस्था झाली.

यावर कुणाचंच लक्ष गेलं नाही. गेलं असतं तर कदाचित उद्घाटन पुढे ढकलावं लागलं असतं.

*

भंगाराची चिठ्ठी डकवलेल्या कपाटात जुना सूक्ष्मदर्शक होता, खाली आरसा असलेला. शिवलीलाने तो खिडकीशी आणला, आरशात ऊन पकडलं, अण्णाच्या रक्ताचा ताजा थेंब काचपट्टीवर घेऊन डोळा लावला.

तांबड्या पेशी निवांत पडल्या होत्या. आणि त्यांच्यामधून काहीतरी वळवळत, पेशींना ढुशा देत पळत होतं. चपटं, शेपटीवाल्या पानासारखं. एक. मग तीन. मग तिने मोजणं सोडलं.

गवळ्याच्या पोरीला हे सांगायला पुस्तक लागत नाही. सर्रा. गोमाशी एका जनावराला चावते, तोंडाला रक्त घेऊन दुसऱ्याला चावते, आणि हा परजीवी सोबत जातो. घोडा मरतो, उंट मरतो, म्हैस बऱ्याचदा वरून धडधाकट दिसते. माणसाला मात्र सहसा होत नाही, कारण माणसाच्या रक्तात एक प्रथिन असतं, ते या परजीवीच्या पडद्याला भोकं पाडून त्याला फोडतं.

तिने अण्णाचं रक्त फिरकीयंत्रात घातलं. जड तांबड्या पेशी तळाला बसल्या. वर पांढुरकी साय धरली, त्यात ते परजीवी. तळातला थेंब तिने वाचकयंत्रावर ठेवला. ‘मानव.’ सायीतला ठेवला. ‘पुतळी.’

दोन्ही कागद घेऊन ती डॉक्टर नाजनीन तांबोळींच्या टेबलाशी उभी राहिली. तांबोळी मॅडम रुग्णालयाच्या प्रमुख. चांगल्या होत्या, दमलेल्या होत्या, आणि त्यांच्या टेबलावर पोर्टलचे तीन पडदे होते.

“मॅडम, मुद्रा अण्णाच्या रक्ताला नाही. मुद्रा किड्याला आहे.”

मॅडमनी दोन्ही कागद दोनदा वाचले. “पुतळीला इंजेक्शन दिलं तेव्हा तिच्या अंगात सर्रा आधीच असणार. विषाणू काय, म्हशीच्या पेशीत शिरला तसा परजीवीच्याही शिरला. आता तो स्वतःच ती साखळी तयार करतोय.”

“आणि न तुटणारी साखर अंगभर पांघरल्यावर आपलं प्रथिन त्याला भोक पाडणार कसं?”

मॅडमनी कागद खाली ठेवले. मग म्हणाल्या, “टोचायच्या आधी प्रत्येक जनावराचं रक्त काचपट्टीवर बघायचं, असं मूळ नियमात होतं गं. मी वाचलंय.”

“मग?”

“वेळ लागतो म्हणून कंपनीने ते कलम काढून घेतलं.”

शिवलीलाने कागदावर बोट ठेवलं. “मग मी लिहून देते. मी बघितलंय. डोळ्यांनी.”

“तुझ्या डोळ्यांना लॉगिन नाही, शिवलीला,” मॅडम थकून म्हणाल्या. “माणसाचा यंत्र-अहवाल असल्याशिवाय पोर्टल एक गोळी सोडत नाही. आणि सर्ऱ्याचं औषध तर राज्यात फक्त पशुसंवर्धनच्या भांडारात आहे. औषध तेच चालतं. माणसाचा डोस मी काढीन. पण ते निघतं जनावराच्या नावावर.”

“अण्णा किती दिवस काढेल?”

“तो दिवसा झोपायला लागलाय, म्हणालीस ना. परजीवी मेंदूकडे निघालाय. दहा दिवस. फार तर बारा.”

शिवलीलाने ‘म्हैस, पंढरपुरी, मादी’ लिहिलेला कागद टेबलावरून उचलला. “जनावराच्या नावावर निघतं ना? मग निघू दे. म्हैस तर म्हैस.”

*

अर्ज तिने त्याच दुपारी केला. ‘माझी म्हैस पुतळी हिला सर्रा झाला असून ती रुग्णालयाच्या पुरुष विभागात दाखल आहे.’ पोर्टलने विनातक्रार घेतला. रक्त पुतळीचं, मालक बरोबर, पत्ता बरोबर. फक्त प्रत्यक्ष पडताळणी बाकी.

अण्णाला समजवणं जास्त जड गेलं. बसूअण्णा चव्वेचाळीस वर्षांचा, अविवाहित. आईवडील गेल्यावर पुतळीच्या आज्जीच्या दुधावर त्याने बहिणीला शिकवलं होतं. म्हशींपायी लग्न राहून गेलं, असं लोक म्हणत. लग्नापायी म्हशी राहून गेल्या नाहीत, असं तो म्हणे.

“मी म्हैस म्हणून औषध घिऊ?”

“घे.”

“आनि गल्लीत कळलं तर?”

“मेल्यावर कळलं तर चालंल काय?” शिवलीला म्हणाली. “अण्णा, नीट ऐक. तो साहेब आला की गप पडायचं. काय इचारलं तरी बोलायचं न्हाई.”

“हंबरू?”

“गप पडायचं.”

दुसऱ्या दिवशी अकराला पडताळणी अधिकारी घोसाळकर आले. नीटस भांग, काखेत प्रपत्र. त्यांनी खाटेवरच्या माणसाकडे पाहिलं, चष्मा पुसला, परत पाहिलं, आणि खुर्ची ओढून बसले. माणूस दिसला म्हणून काम थांबत नसतं. प्रपत्रात ‘जनावर माणसासारखे दिसते काय’ असा रकाना नव्हता.

“शिंगं?”

“नाहीत,” शिवलीला म्हणाली.

“मोडलेली, की मुळात नाहीत?”

“मुळात नाहीत.”

“रंग?”

“सावळा लिहा.”

“दूध?”

“सध्या आटलंय.”

घोसाळकर लिहीत गेले. शेवटच्या पानावर आल्यावर थबकले. “आता हे एक राहिलं. तुमच्या जिल्ह्यापुरतं कलम आहे. ‘मालकाने हाक मारल्यास जनावर तीन मिनिटांत येते काय.’ पाडव्याला तुम्ही म्हशी पळवता ना, त्यावरून कुणीतरी घातलंय. इथे मालक आणि जनावर एकच असल्याने ‘लागू नाही’ लिहितो.” पेनाचं टोपण लावता लावता ते हसले. “तसंही मला ते खरं वाटत नाही हो. म्हैस कुठे हाकेला येते? पुढे वैरण दाखवत असतील.”

शिवलीलाने अण्णाकडे पाहिलं.

दिवाळीच्या पाडव्याला गवळी गल्ली काय असते, हे घोसाळकरांना कुणी सांगितलं नव्हतं. महिनाभर आधीपासून म्हशी भादरायच्या, पाठीवर केसांची नक्षी ठेवायची, शिंगांना रंग, मोरपिसं, गळ्यात कवड्यांच्या माळा. आणि मग भर रस्त्यात, फाटक्या सायलेन्सरच्या मोटरसायकलच्या धुरातून, हजार माणसांच्या गोंगाटातून, आपल्या मालकाच्या एका हाकेवर म्हैस सुसाट येते. ज्याची येत नाही तो वर्षभर कट्ट्यावर मान वर करत नाही. पुतळी सलग तीन वर्षं पहिली आली होती.

“अण्णा,” शिवलीला दातांतून म्हणाली. “न्हाई.”

“वैरण?” अण्णा उठून बसला. चार दिवसांत तो पहिल्यांदाच स्वतः उठला होता. “वैरण दाखवत असतील?”

“अण्णा, तुझ्या पाया पडते.”

“लीला, गप. ह्यो मानूस पुतळीला काय बी बोलालाय.” तो खिडकीशी गेला, गजांना धरून उभा राहिला, ताप अंगात असतानाही छाती भरून घेतली, आणि भिंतीपलीकडे हाक फेकली. “पुतळेऽऽ! हाऽऽव!”

पलीकडे काहीतरी तुटलं. खुंटा असावा. मग दुधाच्या किटल्या पडल्याचा आवाज, कुणाची तरी शिवी, आणि फाटकातून काळी चकचकीत पुतळी आत आली. वाहनतळावरच्या स्कूटर दोन बाजूंना आडव्या करत, ‘शांतता राखा’ हा फलक शिंगावर घेऊन ती थेट पुरुष विभागाच्या खिडकीखाली येऊन थांबली आणि वर बघू लागली.

आख्खा विभाग टाळ्या वाजवू लागला. ज्याला सलाईन होतं त्याने दुसऱ्या हाताने मांडीवर वाजवल्या.

“किती?” अण्णाने धापा टाकत विचारलं.

घोसाळकरांनी घड्याळ पाहिलं. “चाळीस सेकंद.”

“बिनवैरणीचं लिवा.”

घोसाळकर खाली गेले, पुतळीच्या कानाचा थेंब घेतला, वर आले. “अभिनंदन. खरी पुतळी सापडली. मूळ नोंद सिद्ध झाली.”

“म्हणजे अण्णा माणूस,” शिवलीला पटकन म्हणाली. “मग माणूस म्हणून तरी औषध द्या.”

“तसं नाही होत ताई. एका मुद्रेच्या दोन नोंदी असू शकत नाहीत. मूळ सिद्ध झाली की दुसरी दुबार. दुबार नोंद रद्द होते.”

“रद्द म्हणजे?”

“म्हणजे हे आता पोर्टलवर नाहीत.” त्यांनी सही केली. “जनावर म्हणूनही नाहीत आणि तसेही नाहीत.”

ते दाराबाहेर गेले. मग शिवलीलाने पितळी तांब्या उचलून भिंतीवर मारला.

“सकाळी निदान म्हैस तरी हुतास!” ती ओरडली. “चार पायांवर का होईना, जगला असतास! चाळीस सेकंदाची मस्ती! कुनाला दाखवायची हुती? त्या कारकुनाला?”

अण्णा खाटेवर आडवा झाला होता. डोळे मिटत होते. “पर आली का न्हाई बग,” तो पुटपुटला, आणि ती उत्तर द्यायच्या आत झोपला.

*

चौथ्या दिवशी मधुमुद्राचे डॉक्टर सौमित्र कारखानीस आले. दुबार नोंदीचा इशारा त्यांच्या पडद्यावर वाजला होता. पांढरा सदरा, मऊ आवाज. प्रयोगशाळेत शिवलीलाच्याच स्टुलावर बसून त्यांनी तिचाच सूक्ष्मदर्शक पाहिला.

“सुंदर काम केलंत,” ते म्हणाले. “वाया जाता आहात तुम्ही इथे.”

“टोचायच्या आधी काचपट्टी का नाही बघितली?”

“बघा, एका जिल्ह्यात अकरा लाख जनावरं. प्रत्येकी दहा मिनिटं धरली तर...” त्यांनी हात असे पसरले, जणू हिशोब हवेत आपोआप पूर्ण होणार होता. “परजीवी इतके हुशार निघतील असं वाटलं नव्हतं.”

“ते हुशार नाहीत. तुम्ही त्यांना कोट शिवून दिलात.”

कारखानीस हसले. बॅगेतून त्यांनी एक लहान शीतपेटी काढून टेबलावर ठेवली. सर्ऱ्याचं औषध, पूर्ण मात्रा, हाताने मंजूर केलेली. शेजारी टॅब्लेटची पाटी ठेवली, तिच्यावर पोर्टलचं एक निवेदन उघडलेलं. ‘मी, खाली अंगठा देणारी तंत्रज्ञ, कबूल करते की माझ्या निष्काळजीपणामुळे पशूच्या व मानवाच्या ____ नमुन्यांची अदलाबदल झाली.’

“एक आकडा घालायचा, अंगठा द्यायचा. नमुना बदलला, म्हणजे दुबार नोंद झालीच नाही, म्हणजे तुमचे भाऊ पुन्हा माणूस. थोडी चौकशी होईल. नोकरीचं मी बघतो.”

“आणि हेरवाडे बाई?”

“कोण?”

“महिला विभाग, खाट चार. त्या पण पुतळी आहेत.” तिने कपाट उघडलं. आत बिस्किटांचे पाच पत्र्याचे डबे होते. यंत्र आलं तेव्हा काचपट्ट्या बनवणं बंद झालं होतं; तिच्या हाताची सवय मात्र गेली नव्हती. नाकारलेल्या प्रत्येक नमुन्याचा एक थेंब ती काचेवर पसरून, रंगवून, नाव घालून ठेवत आली होती. कशासाठी, ते तिलाही सांगता आलं नसतं. “गेल्या दोन दिवसांत सगळ्या बघितल्या. बँकेचे मॅनेजर आहेत. तालमीतले तीन पैलवान. सगळे कट्ट्यावर दूध प्यायला उभे राहणारे. गोमाश्या तिथेच असतात.”

कारखानीसांनी डब्यांकडे पाहिलं. त्यांचा आवाज आणखी मऊ झाला. “तुमच्या बघण्याला अर्थ नाही, हे तुम्हाला माहीत आहे. यंत्र नाही म्हणालं की नाही. तुमच्या भावाकडे सहा दिवस आहेत. बाकीच्यांचं आम्ही पाहू. यथावकाश.”

यथावकाश. हा शब्द तिने खूप ठिकाणी वाचला होता, पण इतक्या जवळून ऐकला नव्हता. या माणसाच्या तोंडावर काचपट्टी फोडावी, असं तिला फार स्पष्ट वाटलं. कुठली फोडावी, तेसुद्धा ठरलं. हेरवाडे बाईंची.

फोडली नाही. तिला अकरावं कलम आठवलं होतं.

प्रयोगशाळेत आल्यावर पहिल्याच आठवड्यात तिच्याकडून नियमपुस्तिका पाठ करून घेतली होती. हल्ली ती कुणी उघडत नसे. कलम अकरा : तंत्रज्ञाने नमुन्यांची अदलाबदल लेखी मान्य केल्यास, तेवढे सगळे नमुने यंत्राबाहेर, जिल्ह्याबाहेरच्या प्रयोगशाळेत, माणसाच्या डोळ्यांनी सूक्ष्मदर्शकाखाली पुन्हा तपासावेत, व तोच अहवाल ग्राह्य धरावा.

“आधी औषध,” ती म्हणाली. “अण्णाच्या शिरेत पहिला थेंब गेला की अंगठा.”

“विश्वास नाही?”

“तुमचा माझ्यावर आहे ना? मग झालं.”

तांबोळी मॅडमनी डोस काढला, स्वतः सलाईन लावलं. तिघंही खाटेशी उभी होती. थेंब पडू लागले. शिवलीलाने पाटी घेतली, रिकाम्या जागेत आकडा घातला, अंगठा दाबला. पाटीने आनंदाने टिंग केलं.

कारखानीसांनी पाटी परत घेतली. मग तिच्याकडे पाहिलं, मग परत पाटीकडे.

“एकशे सदतीस?”

“हो.”

“तुम्ही एक लिहायचं होतं!”

“जागा मोठी होती.” शिवलीलाने अंगठा रुमालाला पुसला. “निष्काळजीपणा कबूल करायचा होता ना? केला. तीन महिन्यांत नाकारलेले सगळेच्या सगळे मीच बदलले. हाताला वळणच नाही माझ्या. आता सगळे बाहेर जाणार. काचेवर. डोळ्यांनी.”

“मागे घ्या.”

“कसं घेऊ?”

त्यांनी पाटीवर बोटं आपटली. पडद्यावर वाक्य आलं, ते त्यांच्याच कंपनीने लिहिलेलं होतं. एकदा केलेली नोंद पुसता येणार नाही.

“जाहिरातीत म्हैस हसत होती तुमच्या,” शिवलीला म्हणाली. “आज मला कळलं कशाला.”

*

ती निलंबित झाली. आठवड्याने परवाना गेला. चौकशीत तिला विचारलं, एक माणूस एकशे सदतीस नमुन्यांची अदलाबदल कशी करू शकतो. ती म्हणाली, चिकाटीने. बाहेरच्या प्रयोगशाळेला ते मोजायला बारा दिवस लागले. एकशे सदतीसपैकी एक्केचाळीस लोकांच्या रक्तात सर्रा निघाला. नऊ वेगवेगळ्या म्हशींच्या मुद्रांचा. त्यात एकट्या पुतळीच्या मुद्रेचे, अण्णा सोडून, अठरा. टोचणी राज्यभर थांबली. कारखानीस एका वाहिनीवर म्हणाले, की ही त्रुटी कंपनीने स्वतःच शोधून काढली.

पोर्टल मात्र तेच होतं. त्यात औषध जनावराच्या मुद्रेवरच निघत होतं, आणि ते बदलायला यथावकाश लागणार होता. म्हणून औषधाच्या पेट्या आल्या त्या अशा : मैना सहा, चंपी चार, पुतळी अठरा.

त्या दिवशी शिवलीला अण्णाला डबा घेऊन आली होती. नातेवाईक म्हणून; प्रयोगशाळेत जायची तिला बंदी होती. अण्णा भिंतीला टेकून बसला होता. पाडवा हुकला होता, पण त्याला तांबडी भाजी खारट लागली, म्हणजे जिभेला चव आली होती.

मोठ्या विभागात बायका-पुरुषांच्या खाटा एकत्र लावल्या होत्या. परिचारिका पेट्या घेऊन मधोमध उभी राहिली. नियमाप्रमाणे नाव पुकारून पेटी द्यायची.

“पुतळी, एक?”

“हजर,” बँकेचे मॅनेजर म्हणाले.

“पुतळी, दोन?”

“हजर,” एक पैलवान म्हणाला, आणि शेजारचे दोघे हसले.

तीन, चार, पाच. हात वर होत गेले. विभागात हलकी मजा सुरू झाली. अकराव्या पुतळीने बारीक हंबरून दाखवलं. सतरावी पुतळी एक कॉलेजची मुलगी होती. ती लाजून ‘प्रेझेंट’ म्हणाली.

“पुतळी, अठरा?”

कुणी बोललं नाही.

“पुतळी, अठरा?” परिचारिकेने आवाज चढवला.

खिडकीबाहेर स्कूटर पडल्याचा आवाज आला. मग एक ओलं, काळं तोंड गजांना टेकलं. अठरा वेळा कुणीतरी आपलं नाव घेतं आहे, एवढंच पुतळीला कळलं असावं. विभागात हशा पिकला. परिचारिकाही हसली. “घ्या, ही आली अठरावी! लिहू का हजर?”

शिवलीला हसली नाही. ती उठून चार नंबरच्या खाटेशी गेली. खाटेवर धुतलेली चादर घट्ट ताणलेली होती. उशाशी पितळी लोटी अजून तशीच. बाई रविवारी गेल्या होत्या. अहवाल सोमवारी आला होता.

“हजर लिहू नका,” ती म्हणाली.

“मग काय लिहू?”

हसू थांबलं. शिवलीलाने परिचारिकेच्या हातातून पेन घेतलं. यादी कागदाची असली तरी जशीच्या तशी पोर्टलवर चढत होती. तिच्यावर लिहिलेलं पुसता येत नव्हतं, हे तिला चांगलंच माहीत होतं. पुतळी हा शब्द तिने इतक्या जोरात खोडला की कागद फाटला. शेजारी मोठ्या, चाळीस वर्षं पेपर तपासणाऱ्या माणसालाही नावं ठेवता येणार नाहीत अशा अक्षरात तिने लिहिलं : सुमती भूपाल हेरवाडे. खाली गैरहजेरीच्या कारणाचा रकाना होता.

त्यात तिने लिहिलं, ‘माणूस. तीन वेळा आली होती.’